युद्ध संपल्यानंतरची वीस मिनिटं

(नेरे, ता. मुळशी येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित मजकूर)



सातारा-रत्नागिरीकडच्या जुन्या गावांत चावडीच्या किंवा शाळेच्या भिंतीवर कधीकधी एक संगमरवरी पाटी दिसते. पहिल्या महायुद्धानंतर इंग्रज सरकारने ती बसवली. या गावातून युद्धावर किती माणसं गेली आणि त्यांतली किती कामी आली, एवढे दोन आकडे तिच्यावर असतात. नावं नसतात. सातारा जिल्ह्यातल्या अपशिंगे गावाचे ४६ जवान त्या युद्धात कामी आले. गावाला आज सगळा महाराष्ट्र ‘अपशिंगे मिलिटरी’ म्हणूनच ओळखतो. पण त्या ४६ घरांत पुढच्या पेरणीला औत कोणी धरलं, हे सांगणारी पाटी कुठेच नाही.

मेसोपोटेमियात, आजच्या इराकमध्ये, कुत-अल-अमारा इथे डिसेंबर १९१५ पासून वेढ्यात अडकलेली आणि २९ एप्रिल १९१६ रोजी शरण गेलेली सहावी डिव्हिजन ‘पुणे डिव्हिजन’ म्हणून ओळखली जात होती. तिच्यात मराठा पलटणी होत्या. उपासमारीने खंगलेल्या सैनिकांना कैदेत वाळवंटातून चालवत नेलं आणि कित्येक जण वाटेतच गेले. जे परत आले, ते आपल्या गावी येऊन काय बोलले? बायकामुलांना त्यांनी काय सांगितलं, काय सांगितलं नाही? इतिहासाच्या ग्रंथांत या वेढ्याची तारीखवार हकिकत मिळते. घरातली हकिकत मिळत नाही.

ही घरातली हकिकत टिपायचं काम विसाव्या शतकात जगभर एका लहानशा कलाप्रकाराने मोठ्या निष्ठेने केलं. तो प्रकार म्हणजे लघुपट. युद्ध संपल्यावर माणसं पुन्हा घर कसं मांडतात, शाळा कशी उघडतात, पाय गमावलेला जवान पुन्हा चालायला कसा शिकतो, हे त्याने दहा, वीस, तीस मिनिटांत दाखवलं. आजचं व्याख्यान या लघुपटांविषयी आहे, आणि त्याहून अधिक महाराष्ट्रात न झालेल्या लघुपटांविषयी. आपल्याकडे युद्धाची आठवण म्हणजे हौतात्म्याची आठवण असं समीकरण होऊन बसलं आहे. हुतात्म्यांना वंदन व्हायलाच हवं. पण उभारणी करणाऱ्यांची नोंद ठेवणं हेसुद्धा स्मरणच आहे, आणि तिथे आपण फार मागे राहिलो आहोत.

रीळ लहान, काम मोठं

लघुपटाच्या लांबीमागे एक साधं गणित होतं. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते. हजार फुटांचं रीळ साधारण अकरा मिनिटं चालतं आणि दोन रिळं बावीस मिनिटं. मोठ्या चित्रपटाआधी दाखवता येईल, शाळेत किंवा गावच्या पटांगणात लावता येईल, एका माणसाला डब्यात घालून एस.टी.ने नेता येईल, असा हा ऐवज होता. नट नको, सेट नको. कच्ची फिल्म दुर्मीळ असलेल्या युद्धोत्तर देशांना हेच परवडणारं होतं.

इंग्लंडमध्ये हम्फ्री जेनिंग्ज या दिग्दर्शकाने १९४५ मध्ये ‘अ डायरी फॉर टिमथी’ हा सुमारे चाळीस मिनिटांचा माहितीपट केला. ३ सप्टेंबर १९४४ रोजी, म्हणजे ब्रिटनने युद्धात उडी घेतल्याला बरोबर पाच वर्षं झाली त्या दिवशी, जन्मलेल्या एका बाळाला उद्देशून त्याचं निवेदन आहे. ते लिहिलं कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर यांनी. पडद्यावर एक शेतकरी, एक आगगाडीचा ड्रायव्हर, एक कोळसा खाणीतला कामगार आणि पाय जायबंदी झालेला एक वैमानिक दिसतात. खाणकामगार खाणीत जखमी होतो आणि उपचार घेऊन बरा होतो. वैमानिक पुन्हा चालायला शिकतो. विजयाचा जल्लोष जवळजवळ नाहीच. शांतता आल्यावर बेकारी परत येणार का, जुनीच विषमता परत बसणार का, हा प्रश्न निवेदक त्या बाळापुढे ठेवतो. युद्ध अजून पुरतं संपलंही नव्हतं, तेव्हा सरकारी पैशाने केलेल्या चित्रपटात हे विचारलं गेलं.

पुढच्याच वर्षी, १९४६ मध्ये, जेनिंग्जने पराभूत जर्मनीत जाऊन ‘अ डिफीटेड पीपल’ केला. तो वीस मिनिटांहूनही लहान आहे. ढिगाऱ्यांतून चालणारी माणसं, हरवलेल्या नातलगांचा शोध, कोळसा, शाळा, नव्याने शपथ घेणारे न्यायाधीश असा त्याचा ऐवज. कालपर्यंत ज्यांच्याशी लढाई होती त्या लोकांचं घर पुन्हा कसं लागेल, याची काळजी जिंकणाऱ्या देशाचा दिग्दर्शक करतो, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

फ्रान्समध्ये दहा वर्षांनी आलँ रेने यांनी ‘नाइट अँड फॉग’ या नावाने जगभर गेलेला ३२ मिनिटांचा माहितीपट केला. दुसऱ्या महायुद्धाचा इतिहास नोंदवणाऱ्या फ्रेंच समितीच्या पुढाकाराने तो झाला. निवेदन लिहिलं माउटहाउझेनच्या छळछावणीतून जिवंत सुटलेले कवी जाँ कायरोल यांनी. १९५५ मधल्या ओस पडलेल्या नाझी छळछावण्यांतलं गवत, विटा आणि काटेरी तारा रंगीत फिल्मवर दिसतात, आणि त्यांच्यामध्ये युद्धकाळातली काळीपांढरी दृश्यं येतात. एका जुन्या छायाचित्रात कैद्यांच्या छावणीवर पहारा देणाऱ्या फ्रेंच शिपायाची टोपी दिसत होती. सेन्सॉरने त्यावर हरकत घेतली आणि टोपी झाकावी लागली. गुन्हा फक्त शत्रूचा नव्हता, आपल्याकडच्या माणसांनीही हात दिला होता, एवढं ती टोपी सांगत होती. कान महोत्सवाच्या स्पर्धेतून हा चित्रपट १९५६ मध्ये जर्मन सरकारच्या हरकतीमुळे मागे घेतला गेला आणि स्पर्धेबाहेर दाखवला गेला. ३२ मिनिटांच्या एका चित्रपटाने दोन सरकारं अस्वस्थ झाली.

जपानची कहाणी आणखी कठीण. हिरोशिमा आणि नागासाकीवर बॉम्ब पडल्यावर निप्पोन एइगाशा या कंपनीचे कॅमेरे १९४५ मध्येच तिथे पोचले. निर्माते होते इवासाकी अकिरा. अमेरिकी लष्कराने चित्रीकरण थांबवलं, मग पुरं करू दिलं आणि नंतर ते ताब्यात घेतलं. ही दृश्यं जपानला परत मिळाली ती १९६७ मध्ये. अमेरिकी अभ्यासक एरिक बार्नो यांनी त्यांतून १९७० मध्ये १६ मिनिटांचा ‘हिरोशिमा-नागासाकी, ऑगस्ट १९४५’ तयार केला. याच बार्नो यांनी एस. कृष्णस्वामी यांच्यासोबत ‘इंडियन फिल्म’ हा भारतीय चित्रपटांचा इतिहास लिहिला आहे. भाजलेली पाठ, भिंतीवर उमटलेली माणसाची सावली, हे जगाने पाहण्यासाठी पाव शतक जावं लागलं.

आपल्याकडचे दोन हजार फूट

भारतात बातमीवजा चित्रणाची सुरुवात एका मराठी माणसाने केली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांच्या मुंबईतल्या स्वागताचं चित्रण केलं. पुढे दुसऱ्या महायुद्धात सरकारला या माध्यमाची ताकद कळली. १९४० मध्ये फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड स्थापन झालं. १९४३ मध्ये त्याच्या जागी इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया आली आणि भारत संरक्षण नियमांखाली प्रत्येक चित्रपटगृहाला दर खेळात दोन हजार फुटांपर्यंत सरकारमान्य फिल्म दाखवणं बंधनकारक झालं. पुण्या-मुंबईच्या, कोल्हापूर-सोलापूरच्या प्रेक्षकांनी युद्ध पाहिलं ते याच बावीस मिनिटांत, इंग्रज सरकारच्या नजरेतून. साहजिकच लोकांचा त्यावर राग होता. १९४६ मध्ये ही संस्था बंद झाली आणि स्वातंत्र्य आलं तेव्हा देशाकडे स्वतःचं सरकारी चित्रपट खातंच नव्हतं. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली, तेव्हा ती उणीव भरून निघाली.

या काळातला एक माणूस युद्धोत्तर उभारणीचं जिवंत उदाहरण होता. पॉल झिल्स. जर्मनीच्या उफा स्टुडिओत काम केलेला हा दिग्दर्शक युद्धकाळात ब्रिटिशांचा कैदी म्हणून हिंदुस्थानात आला, इथे स्थानबद्ध राहिला आणि सुटल्यावर मुंबईत माहितीपट करू लागला. फली बिलिमोरियांसारख्या भारतीय दिग्दर्शकांबरोबर त्याने काम केलं. शत्रू देशाचा कैदी नवस्वतंत्र देशातल्या माता-बालकांच्या आरोग्यावर आणि जहाजबांधणीवर चित्रपट करतो, हेही त्या वर्षांचंच देणं.

फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट आज थट्टेचा विषय होतात. हा अन्याय आहे. धरणं आणि कारखान्यांची स्तुती त्यांत पुष्कळ होती हे खरं, पण एस. एन. एस. शास्त्री यांचा ‘आय ॲम २०’ पाहावा. १९६७ मधला हा लघुपट १५ ऑगस्ट १९४७ च्या सुमारास जन्मलेल्या मुलामुलींना थेट विचारतो की हा देश तुम्हाला कसा वाटतो. कोणी अभिमानाने बोलतं, कोणी नोकरी नाही म्हणून चिडतं, कोणी देशाशी काही देणंघेणं नाही असंही सांगून टाकतं. सरकारी पैशाने केलेल्या चित्रपटात नागरिकाची निराशा न कापता ठेवली आहे. जेनिंग्जने टिमथीसमोर ठेवलेला प्रश्न इथे वीस वर्षांच्या टिमथींनाच विचारला आहे.

पुण्यालाही या परंपरेत जागा आहे. प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. फाळणीचं दुःख आयुष्यभर पडद्यावर मांडणारे ऋत्विक घटक तिथे शिकवायला आले आणि १९६५ मध्ये अभिनयाच्या विद्यार्थ्यांना घेऊन त्यांनी ‘फिअर’ हा लघुपट केला. अणुहल्ल्याच्या भीतीने एकत्र कोंडली गेलेली माणसं हा त्याचा विषय. १९७१ मध्ये बांगलादेशाच्या निर्वासितांचे लोंढे आले, तेव्हा घटकांनी ‘दुर्बार गती पद्मा’ केला आणि कोलकात्यात आश्रय घेतलेल्या झहीर रायहान यांनी ‘स्टॉप जेनोसाइड’. वीस मिनिटांच्या या चित्रपटाने निर्वासितांचे चेहरे जगापुढे नेले. युद्ध संपल्यावर बेपत्ता भावाच्या शोधात निघालेले रायहान ३० जानेवारी १९७२ पासून स्वतःच बेपत्ता झाले.

बराकींची गावं झाली

महाराष्ट्रात युद्धोत्तर उभारणी पाहायची तर कुठे जायचं? बराकींकडे. युद्धकाळात बांधलेल्या बराकी युद्धानंतर घरं झाल्या आणि घरांची शहरं झाली.

कल्याणजवळ लष्कराची मोठी संक्रमण छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांना तिथे जागा मिळाली. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांनी त्या वस्तीला उल्हासनगर हे नाव दिलं. आजही तिथला माणूस पत्ता सांगताना ‘कॅम्प नंबर तीन’, ‘कॅम्प नंबर चार’ असंच सांगतो. नेऱ्याहून पिंपरीला जाणाऱ्यांना ‘पिंपरी कॅम्प’ हे नाव रोजचं आहे. तिथला बाजारही सिंधी निर्वासितांनीच उभा केला. त्याच पिंपरीत १९५४ मध्ये हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचा कारखाना झाला. युद्धात सैनिकांच्या जखमांवर ज्या पेनिसिलिनने किमया केली, ते गोरगरिबांच्या दवाखान्यापर्यंत पोचवण्यासाठी जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफ यांच्या मदतीने तो उभारला गेला. निर्वासितांची वस्ती आणि पेनिसिलिनचा कारखाना शेजारीशेजारी, एक फाळणीच्या मागे आलेली, दुसरा युद्धाच्या.

सर्वांत विलक्षण कहाणी कोल्हापूरजवळच्या वळिवड्याची आहे. सप्टेंबर १९३९ मध्ये सोव्हिएत फौजा पूर्व पोलंडात शिरल्या आणि फेब्रुवारी १९४० पासून लाखो पोलिश माणसांना सैबेरिया आणि कझाकस्तानकडे हाकललं गेलं. १९४१ मध्ये जर्मनीने सोव्हिएत संघावर हल्ला केल्यावर त्यांची सुटका झाली. थंडी, भूक आणि रोगराईतून वाचलेल्या बायका आणि मुलं इराणमार्गे भारतात पोचली. जामनगरजवळ बालाचडीला जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी पोलिश मुलांना आसरा दिला. वळिवड्याला मात्र १९४३ मध्ये अख्खं गावच वसलं. कोल्हापूर-मिरज रेल्वेमार्गालगत लांबलचक कौलारू बराकी आणि त्यांत सुमारे पाच हजार पोलिश माणसं, बहुतेक स्त्रिया आणि मुलं. शाळा होत्या, चर्च होतं, दवाखाना होता, वाचनालय होतं, नाटकं होत होती, बालवीर पथकं होती.

युद्ध संपलं तरी त्यांना घर नव्हतं. पूर्व पोलंडचा त्यांचा मुलूख सोव्हिएत संघात गेला होता. १९४८ पर्यंत छावणी रिकामी झाली आणि माणसं इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, अमेरिका अशी पांगली. बराकी मात्र रिकाम्या राहिल्या नाहीत. पोलिश निर्वासित गेले आणि त्यांच्या जागी सिंधी निर्वासित आले. त्या वस्तीचं नाव गांधीनगर. आज दक्षिण महाराष्ट्रातले आणि कर्नाटकातले व्यापारी कापडाच्या घाऊक खरेदीला तिथे जातात.

एकाच छपराखाली दोन खंडांतल्या दोन फाळण्यांनी बेघर झालेली माणसं पाठोपाठ राहिली. असं दुसरं ठिकाण सांगता येणं कठीण आहे. कोल्हापूरच्या महावीर उद्यानात १९९८ मध्ये पोलिश लोकांनी कृतज्ञतेचा स्तंभ उभारला. वॉर्सात कोल्हापूर स्मारक आहे आणि ऑगस्ट २०२४ मध्ये भारताच्या पंतप्रधानांनी तिथे आदरांजली वाहिली. अनु राधा यांनी दिग्दर्शित केलेला ‘अ लिटल पोलंड इन इंडिया’ हा माहितीपट २०१३ मध्ये आला. त्यात बालाचडी आणि वळिवडे या दोन्ही छावण्यांची कहाणी आहे. वृद्ध झालेले ते मुलगे आणि मुली कॅमेऱ्यासमोर आपलं बालपण सांगतात. हे काम मोलाचं आहे.

पण त्या कहाणीचा पुढचा भाग, म्हणजे बराकीचं दुकान कसं झालं, पोलिश कुटुंब जिथे झोपत होतं तिथे सिंधी कुटुंबाने पहिला गठ्ठा कसा सोडला, वळिवड्याच्या शेतकऱ्यांनी आधी त्यांच्याशी आणि मग यांच्याशी व्यवहार कसा केला, यावर वीस मिनिटांचा मराठी लघुपट व्हायला हवा. कोल्हापूर हे मराठी चित्रपटाचं माहेरघर. बाबूराव पेंटरांनी तिथे कॅमेरा घडवला. भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ १९४८ मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत जळाला आणि पुन्हा उभा राहिला. ज्या वर्षी स्टुडिओ जळत होता, त्याच वर्षी वळिवड्याच्या बराकी रिकाम्या होत होत्या. कोल्हापूरच्या कॅमेऱ्याला याहून जवळचा विषय कोणता?

खडकीचा रस्ता

आता अगदी जवळ येऊ. नेऱ्यापासून खडकी फार दूर नाही. तिथे कॉमनवेल्थ युद्ध दफनभूमी आहे. दुसऱ्या महायुद्धातल्या १,६६८ सैनिकांच्या कबरी तिथे ओळीने आहेत आणि पहिल्या महायुद्धात भारतात मेलेल्या १,८०० हून अधिक सैनिकांचं स्मारक आहे. घोरपडीला १५ ऑगस्ट १९९८ रोजी दक्षिण कमांडचं राष्ट्रीय युद्धस्मारक खुलं झालं, त्याला नागरिकांच्या वर्गणीचा हातभार होता. ही स्मरणाची ठिकाणं सर्वांना माहीत आहेत.

खडकीचीच दुसरी ठिकाणं मात्र फारच थोड्यांनी आतून पाहिली असतील. अपंग सैनिकांना हातात कसब देणारी क्वीन मेरीज टेक्निकल इन्स्टिट्यूट १९१७ मध्ये, म्हणजे पहिलं महायुद्ध चालू असतानाच, मुंबईत सुरू झाली आणि पुढे खडकीला आली. १९४४ मध्ये पुण्यात लष्कराचं कृत्रिम अवयव केंद्र निघालं. १९७१ च्या युद्धानंतर, १९७४ मध्ये, कण्याला इजा होऊन अंग लुळं पडलेल्या जवानांसाठी खडकीत पॅराप्लेजिक रिहॅबिलिटेशन सेंटर उभं राहिलं. तीन संस्था आणि तिन्हींच्या जन्माला जवळचं एकेक युद्ध. युद्धानंतर समाज माणसाला पुन्हा कसा उभा करतो, याचा हा पुणे जिल्ह्यातला शंभर वर्षांचा हिशेब आहे.

कृत्रिम पाय बसवताना काय होतं ते पाहण्यासारखं असतं. उरलेल्या मांडीचा किंवा पोटरीचा प्लास्टरमध्ये साचा घेतात. त्या साच्यावरून खोबण तयार होते. ती बोचते, म्हणून घासावी लागते, पुन्हा घालून बघावी लागते, पुन्हा घासावी लागते. मग जवान दोन समांतर दांड्यांच्या मध्ये उभा राहतो, दोन्ही हातांनी दांड्या धरतो आणि नव्या पायावर भार टाकतो. पहिल्या दिवशी तो समोर बघत नाही, पायाकडेच बघतो. कारागीर खाली बसून खोबणीची कड तपासत असतो. दिग्दर्शकाने याहून जास्त काही रचायची गरज नाही. कॅमेरा गुडघ्याच्या उंचीवर ठेवावा आणि थांबावं.

मुरलीकांत पेटकर यांचं आयुष्य याच वाटेने गेलं. सांगली जिल्ह्यातल्या पेठ-इस्लामपूरचे पेटकर सैन्यात बॉक्सर होते. १९६५ च्या युद्धात त्यांना गोळ्या लागल्या आणि शरीराला कायमचं अपंगत्व आलं. त्यांनी पोहायला सुरुवात केली आणि १९७२ मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये ५० मीटर फ्रीस्टाइल ३७.३३ सेकंदांत पोहून भारताचं पहिलं पॅरालिम्पिक सुवर्णपदक जिंकलं. पुण्यात टेल्कोत त्यांनी नोकरी केली. पद्मश्री मिळाली २०१८ मध्ये आणि त्यांच्या आयुष्यावरचा ‘चंदू चॅम्पियन’ हा हिंदी चित्रपट आला २०२४ मध्ये, म्हणजे सुवर्णपदकानंतर ५२ वर्षांनी. गाणी आणि नट घेऊन आलेल्या चित्रपटामुळे नाव घरोघरी गेलं, याचा आनंदच आहे. पण १९७२ मध्ये कोणी पंधरा मिनिटांचा लघुपट केला असता, तर त्या वेळच्या तलावातले, त्या वेळच्या आवाजातले पेटकर आज आपल्याकडे असते.

इटलीने याबाबत शिकण्यासारखं काही केलं आहे. रायगड जिल्ह्यातल्या माणगाव तालुक्याचे नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ रोजी टायबर नदीच्या खोऱ्यात लढताना कामी आले. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. वय होतं २२. पेरुजिया प्रांतातल्या माँतोने गावाने जुलै २०२३ मध्ये त्यांच्या स्मरणार्थ सूर्यघड्याळाच्या रूपात स्मारक उभारलं. इटलीतलं एक खेडं सुमारे ऐंशी वर्षांनी परक्या मुलखातल्या शिपायाची आठवण काढतं. त्याच्या स्वतःच्या गावातल्या घराचं, शेताचं, पाठच्या माणसांचं पुढे काय झालं, हे सांगणारी चित्रफीत महाराष्ट्राने करायला हवी.

जपलं तरच उरतं

चित्रण केल्याने काम संपत नाही. जुनी नायट्रेट फिल्म ठिणगीने पेट घेते. नंतरची ॲसिटेट फिल्म उष्णता आणि दमटपणाने कुजते आणि डबा उघडला की व्हिनेगरसारखा वास येतो. १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालं आणि पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून देशभरातून रिळं गोळा केली. फाळक्यांच्या चित्रपटांचे अवशेष आज पाहता येतात, याचं मोठं श्रेय त्यांना आहे. तरीही जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच नायट्रेट रिळांच्या साठ्याला आग लागली आणि अमोल ठेवा जळाला. अशा संस्थेलाही जे सगळं वाचवता आलं नाही, ते घरच्या कपाटात आपोआप टिकेल असं कोणी समजू नये.

जपलेल्या फिल्मचं काय होऊ शकतं, याचंही उदाहरण आहे. अमेरिकी छायाचित्रकार लिअर लेव्हिन यांनी १९७१ मध्ये बांगलादेशी निर्वासितांमध्ये गाणी म्हणत फिरणाऱ्या पथकाचं चित्रण केलं होतं. ते जवळजवळ वीस वर्षं अमेरिकेत पडून होतं. तारेक आणि कॅथरीन मसूद या दांपत्याने ते शोधून काढलं आणि १९९५ मध्ये ‘मुक्तीर गान’ हा माहितीपट केला. युद्धानंतर जन्मलेल्या पिढीने आपल्या देशाचा जन्म त्यात पाहिला.

मुळशीकरांना याचं महत्त्व वेगळं सांगायला नको. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला, या तालुक्यात टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह सुरू झाला. सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांनी त्याचं नेतृत्व केलं. धरण झालंच आणि गावं पाण्याखाली गेली. तिथे युद्ध नव्हतं, पण गाव मोडून दुसरीकडे मांडण्याचं दुःख तेच होतं. भुस्कुटे यांनी सत्याग्रहाचा इतिहास लिहून ठेवला आणि राजेंद्र व्होरा यांच्यासारख्या अभ्यासकाने तो पुन्हा जगापुढे आणला, म्हणून आज आपल्याला तो नीट सांगता येतो. कोणीतरी वेळेवर बसून लिहिलं, एवढ्याने हा फरक पडला.

आज लिहिण्याइतकंच चित्रण सोपं झालं आहे. मारुंजी, नेरे, कासारसाई या पट्ट्यात हिंजवडीच्या कंपन्यांत काम करणारी तरुण मंडळी घरोघरी आहेत. त्यांच्या हातातल्या फोनचा कॅमेरा जेनिंग्जच्या कॅमेऱ्यापेक्षा हलका आहे आणि रिळाचा खर्च नाही. १९७१ मध्ये वीस वर्षांचा असलेला जवान आता पंचाहत्तरीच्या आसपास आहे. १९६२ आणि १९६५ चे जवान त्याच्याही पुढे गेले आहेत. त्यांच्या पत्नी, ज्यांनी मनिऑर्डरीवर घर चालवलं, त्याही थकल्या आहेत. वेळ थोडा आहे.

काम कसं करायचं तेही सांगतो. माजी सैनिकांची नोंद जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात असते, तिथून सुरुवात करा. बोलणाऱ्याची परवानगी आधी घ्या आणि नको असलेला प्रश्न रेटू नका. पराक्रम विचारण्याआधी परत आल्यानंतरचं पहिलं वर्ष विचारा: नोकरी कशी मिळाली, शेत कोणाकडे होतं, झोप लागत होती का. तोच प्रश्न घरच्या बाईंना स्वतंत्रपणे विचारा. चित्रासाठी धडपडण्यापेक्षा आवाज स्वच्छ घ्या. पंख्याचा आणि रस्त्याचा आवाज टाळा. प्रत्येक फाइलवर नाव, गाव आणि तारीख लिहा. निदान तीन प्रती करा आणि त्या तीन वेगळ्या ठिकाणी ठेवा, एक प्रत शाळेच्या ग्रंथालयात द्या. वीस मिनिटांहून मोठं काही करायच्या मागे लागू नका. पूर्ण मुलाखत जशीच्या तशी जपा, पुढच्या पिढीला ती लागेल.

नेरे आणि शेजारच्या गावांतल्या ग्रामपंचायतींना, शाळांना आणि तरुण मंडळांना या व्यासपीठावरून विनंती आहे. ज्या घरात सैन्यातून परतलेला माणूस आहे, किंवा परत न आलेल्या माणसाची पत्नी, बहीण, मुलगा आहे, त्या घरांची यादी येत्या महिन्यात करा. त्यांतल्या सर्वांत वयस्कर व्यक्तीपासून सुरुवात करा. पुढच्या वर्षीच्या व्याख्यानमालेत भाषणाआधी, याच पटांगणात, तुमच्या गावचा पहिला वीस मिनिटांचा लघुपट दाखवा.